लेलँड स्टॅनफर्ड : दुकानदार, रेल्वेसम्राट, गव्हर्नर, सेनेटर – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लेलँड स्टॅनफर्ड कोण होते?

अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्याचे आठवे गव्हर्नर, अमेरिकेचा पूर्व आणि पश्चिम भाग लोहमार्गाने जोडणाऱ्या दोन कंपन्यांपैकी सेंट्रल पॅसिफिक या कंपनीचे अध्यक्ष, पुढे अमेरिकी सेनेटचे सदस्य आणि स्टॅनफर्ड विद्यापीठाचे संस्थापक, अशी त्यांची ओळख सांगता येते. जन्म ९ मार्च १८२४, मृत्यू २१ जून १८९३. आज बहुतेकांना त्यांचे आडनाव विद्यापीठामुळे ठाऊक असते. पण त्यांच्या हयातीत ते नाव रेल्वेचे, जमिनीचे आणि राजकीय वजनाचे नाव होते, आणि ते आदराने उच्चारणाऱ्यांइतकेच दात-ओठ खाऊन उच्चारणारेही लोक होते.

त्यांची घरची परिस्थिती कशी होती? ते गरिबीतून वर आले का?

‘गरिबीतून वर आलेला उद्योगपती’ ही चौकट त्यांना नीट बसत नाही. न्यूयॉर्क राज्यात ऑल्बनी शहराजवळ वॉटरव्लिएट येथे त्यांचा जन्म झाला. वडील जोसाया हे शेती करत आणि रस्त्याकाठची खानावळवजा सराईही चालवत. घर खाऊन-पिऊन सुखी होते आणि मुलांना शिकवण्याची ऐपतही होती. लेलँड यांनी दोन-तीन शाळा बदलल्या. विद्यार्थी म्हणून त्यांनी चमक दाखवली असे कोणी म्हणत नाही. त्यानंतर त्या काळच्या रिवाजाप्रमाणे ऑल्बनीतील एका वकिली पेढीत उमेदवारी करून ते १८४८ साली वकील झाले.

त्याच वर्षी ते पश्चिमेकडे, विस्कॉन्सिनमधील पोर्ट वॉशिंग्टन या मिशिगन सरोवराकाठच्या गावी गेले. १८५० च्या सप्टेंबरात ऑल्बनीच्या जेन लॅथ्रॉप यांच्याशी त्यांचा विवाह झाला. वकिली बेताची चालत होती. १८५२ साली लागलेल्या आगीत कार्यालय आणि कायद्याची पुस्तके जळून गेली आणि तो व्यवसाय तिथेच संपला. कॅलिफोर्नियात त्यांचे भाऊ आधीच जाऊन व्यापारात स्थिरावले होते, तेव्हा तेही त्या वाटेने निघाले. जेन मात्र १८५५ पर्यंत ऑल्बनीतच, माहेरी राहिल्या.

त्यांना सोन्याच्या खाणीत घबाड मिळाले होते का?

नाही. सोने शोधणाऱ्यांना लागणारा माल विकून त्यांनी पैसा केला. सिएरा नेवाडा पर्वताच्या पायथ्याशी असलेल्या खाणवस्त्यांमध्ये, आधी कोल्ड स्प्रिंग्ज आणि मग मिशिगन ब्लफ येथे, त्यांचे दुकान होते. पीठ, डुकराचे खारवलेले मांस, कुदळी, फावडी, बूट असा माल खाली सॅक्रामेंटो या राज्याच्या राजधानीहून वर यायचा आणि तिप्पट-चौपट भावाने खपायचा. मिशिगन ब्लफला ते स्थानिक न्यायदंडाधिकारीही होते. पुढे सॅक्रामेंटोतील भावांचा घाऊक व्यापार त्यांच्याकडे आला आणि ते शहरातल्या प्रतिष्ठित व्यापाऱ्यांत गणले जाऊ लागले. सोन्याच्या त्या धामधुमीत खाणकामगार सहसा रिकाम्या हाताने परतला आणि दुकानदार टिकला.

दुकानदार माणूस गव्हर्नरपदापर्यंत कसा पोहोचला?

चिकाटी होती आणि त्याहून अधिक वेळ साधली गेली. १८५० च्या दशकात गुलामगिरीच्या विस्ताराला विरोध करणारा रिपब्लिकन पक्ष नव्याने उभा राहत होता आणि कॅलिफोर्नियात त्याला कोणी विचारत नव्हते. सॅक्रामेंटोतील काही व्यापारी या पक्षात शिरले, त्यांत स्टॅनफर्ड होते. १८५७ साली ते राज्याच्या खजिनदारपदासाठी उभे राहून हरले. १८५९ साली गव्हर्नरपदासाठी उभे राहिले आणि जेमतेम १० हजार मते मिळवून तिसऱ्या क्रमांकावर फेकले गेले.

१८६१ मध्ये यादवी युद्ध पेटले आणि चित्र पालटले. डेमोक्रॅटिक पक्ष युद्धाच्या प्रश्नावर दुभंगला, त्याचे दोन उमेदवार एकमेकांची मते खात राहिले आणि स्टॅनफर्ड सुमारे ५६ हजार मते मिळवून निवडून आले. ते कॅलिफोर्नियाचे पहिले रिपब्लिकन गव्हर्नर. त्यांचे वक्तृत्व संथ होते, शब्द शोधत बोलण्याची त्यांची सवय समकालीनांनी नोंदवली आहे; पण भारदस्त शरीर, गंभीर चेहरा आणि घाई न करण्याचा स्वभाव यांमुळे लोकांना त्यांचा भरवसा वाटे.

शपथविधीला ते होडीतून गेले होते, ही गोष्ट खरी आहे का?

होय. १८६१-६२ च्या हिवाळ्यात कॅलिफोर्नियात आठवडेच्या आठवडे पाऊस कोसळला आणि सॅक्रामेंटो शहर पाण्याखाली गेले. १० जानेवारी १८६२ रोजी नवनिर्वाचित गव्हर्नर वल्ह्याच्या होडीतून शपथविधीला गेले आणि परतले तेव्हा पाणी इतके चढले होते की घरात वरच्या मजल्याच्या खिडकीतून शिरावे लागले, असे सांगितले जाते. त्यानंतर थोड्याच दिवसांत विधिमंडळाला कामकाज सॅन फ्रान्सिस्कोला हलवावे लागले.

पुराच्या गमतीदार आठवणीत त्या दिवशीचे भाषण मात्र झाकले जाते. त्या भाषणात स्टॅनफर्ड यांनी आशियातून येणाऱ्या लोकांना ‘गाळ’ म्हटले आणि हीन वंशाच्या लोकांची वस्ती प्रत्येक कायदेशीर मार्गाने रोखली पाहिजे असे जाहीर केले. रोख चिनी स्थलांतरितांवर होता. तीन वर्षांनी याच माणसाची कंपनी चिनी मजुरांना शोधत फिरू लागली, म्हणून हे भाषण लक्षात ठेवायचे.

रेल्वेची कल्पना स्टॅनफर्ड यांची होती का?

नाही. ती थिओडोर ज्यूडा या तरुण अभियंत्याची होती. सिएरा नेवाडाची भिंत ओलांडून रूळ नेता येतील हे त्याने वर्षानुवर्षे डोंगर तुडवून, मोजमापे घेऊन सिद्ध केले होते. सॅन फ्रान्सिस्कोच्या धनिकांनी त्याला वाटेला लावले, तेव्हा तो सॅक्रामेंटोच्या व्यापाऱ्यांकडे आला. के स्ट्रीटवरच्या लोखंडी सामानाच्या दुकानाच्या माडीवर झालेल्या बैठकांतून २८ जून १८६१ रोजी सेंट्रल पॅसिफिक रेलरोड कंपनी स्थापन झाली. ते दुकान कॉलिस हंटिंग्टन आणि मार्क हॉपकिन्स यांचे. कापडाचे व्यापारी चार्ल्स क्रॉकर आणि किराण्याचे घाऊक व्यापारी स्टॅनफर्ड हे आणखी दोघे. ही चौकडी पुढे ‘बिग फोर’ म्हणून प्रसिद्ध झाली.

कामे वाटून घेतली होती. हंटिंग्टन पूर्वेला राहून कर्ज उभारत, रूळ आणि इंजिने खरेदी करत आणि वॉशिंग्टनमध्ये खासदारांची मने वळवत. हॉपकिन्स हिशेब पाहत. क्रॉकर प्रत्यक्ष बांधकामावर ठाण मांडून असत. स्टॅनफर्ड अध्यक्ष होते, म्हणजे कंपनीचा चेहरा. राज्यातील सरकारदरबारची कामे त्यांच्याकडे होती. हंटिंग्टन यांच्या खासगी पत्रांत स्टॅनफर्ड कष्ट घेत नाहीत अशी कुरकूर वारंवार येते. ती एका भागीदाराने दुसऱ्याविषयी केलेली कुरकूर म्हणून वाचावी. तरी ती अगदीच निराधार वाटत नाही.

ज्यूडाचे या चौघांशी लवकरच बिनसले. त्यांना बाजूला सारण्यासाठी पूर्वेकडून भांडवल आणावे म्हणून तो न्यूयॉर्कला निघाला, वाटेत पनामात त्याला पीतज्वर झाला आणि २ नोव्हेंबर १८६३ रोजी, वयाच्या ३७ व्या वर्षी तो गेला. रेल्वे पूर्ण झालेली त्याने पाहिली नाही.

रेल्वेसाठी पैसा कोणाचा होता?

मुख्यतः सरकारचा, आणि स्टॅनफर्ड यांचे चरित्र समजून घ्यायचे तर हा मुद्दा नीट पाहावा लागतो. १ जुलै १८६२ रोजी अध्यक्ष लिंकन यांनी पॅसिफिक रेल्वे कायद्यावर सही केली. कंपनीने रूळ टाकलेल्या प्रत्येक मैलामागे सरकार ३० वर्षे मुदतीचे, ६ टक्के व्याजाचे रोखे देणार होते : सपाट जमिनीवर मैलाला १६ हजार डॉलर, डोंगर आणि वाळवंटाच्या मधल्या पट्ट्यात ३२ हजार आणि प्रत्यक्ष पर्वतात ४८ हजार. हे कर्ज होते, फेडायचे होते. त्याशिवाय मार्गाच्या दोन्ही बाजूंची सरकारी जमीन एकाआड एक चौकटींनी मिळणार होती. १८६४ च्या दुरुस्तीने ती दुप्पट, म्हणजे मैलाला १२,८०० एकर झाली. त्याच दुरुस्तीने सरकारचे कर्ज दुय्यम तारणावर गेले आणि कंपनीला स्वतःचे रोखे आधी विकता येऊ लागले.

खासगी कंपनीची जोखीम सरकारने उचलायची हा प्रकार मराठी वाचकाला अनोळखी नाही. त्याच वर्षांत बोरघाटात रूळ चढवणाऱ्या जीआयपी रेल्वेच्या भागधारकांना सरकारने ५ टक्के परताव्याची हमी दिली होती आणि तिथेही कंपनीला खर्चाची फारशी फिकीर करावी लागली नाही. अमेरिकेत मात्र मोबदला मैलावर आणि चढणीवर मोजला जात होता, त्यामुळे डोंगर कुठे सुरू होतो हा भूगोलाचा प्रश्न थेट पैशाचा झाला.

सॅक्रामेंटोपासून सुमारे ७ मैलांवर आर्केड क्रीक नावाचा एक ओढा आहे. आजूबाजूची जमीन ताटासारखी सपाट. राज्याचे भूवैज्ञानिक जोसाया व्हिटनी यांना क्रॉकर तिथे घेऊन गेले. नदीने वाहून आणलेली माती तिथे संपते आणि डोंगरातून आलेली माती सुरू होते, म्हणून सिएराचा पायथा इथूनच मानायला हरकत नाही, असा अभिप्राय व्हिटनी यांनी दिला. वॉशिंग्टनने तो मान्य केला. खरी चढण बरीच पुढे असताना मैलामागे ४८ हजारांचा दर त्या ओढ्यापासून लागू झाला. ज्यूडाला हा प्रकार पसंत नव्हता.

गव्हर्नर आणि कंपनीचे अध्यक्ष ही दोन्ही पदे एकाच वेळी सांभाळणे तेव्हा चालत होते का?

चालले. त्या काळी याला आडकाठी करणारा कायदा नव्हता आणि अनेकांना यात वावगे काही वाटलेही नाही. रेल्वे येणार म्हणून लोक खूश होते. ८ जानेवारी १८६३ रोजी सॅक्रामेंटोच्या नदीकाठी चिखलात फळ्या टाकून समारंभ झाला आणि कामाची पहिली माती गव्हर्नर स्टॅनफर्ड यांनी फावड्याने टाकली, म्हणजे आपल्याच कंपनीच्या कामाचा शुभारंभ राज्याच्या वतीने आपणच केला. काउंटींना, म्हणजे जिल्ह्यांना, रेल्वेचे भाग घेण्याची मुभा देणारी विधेयके विधिमंडळात आली, तेव्हा त्यांवर सही करणारा हातही त्यांचाच होता.

सॅन फ्रान्सिस्कोने कंपनीचे ६ लाख डॉलरचे भाग घ्यावेत की नाही यावर १८६३ च्या मे महिन्यात मतदान झाले. त्या दिवशी गव्हर्नरांचे बंधू फिलिप स्टॅनफर्ड मतदान केंद्राशी बग्गीतून आले आणि त्यांनी मतदारांत सोन्याची नाणी उधळली, असा आरोप पुढे कोर्टकज्ज्यात झाला. ठराव संमत झाला. पण शहराने अखेर भाग न घेता ४ लाखांचे रोखे देऊन हात झटकले.

गव्हर्नरपदाची मुदत तेव्हा दोन वर्षांची होती. डिसेंबर १८६३ मध्ये ते पायउतार झाले आणि त्यानंतर सेंट्रल पॅसिफिकचे अध्यक्षपद मरेपर्यंत त्यांच्याकडे राहिले.

चिनी मजुरांशी कंपनी कशी वागली?

या प्रश्नाचे उत्तर थोडक्यात देता येत नाही. १८६५ च्या सुरुवातीला काम डोंगराच्या तोंडाशी येऊन थबकले होते. गोरे मजूर येत, एक-दोन पगार घेत आणि नेवाडातील चांदीच्या खाणींकडे पळ काढत. क्रॉकर यांनी प्रयोग म्हणून ५० चिनी मजूर लावले. बांधकामाचा मुकादम स्ट्रोब्रिज आधी तयार नव्हता. पण काम पाहून त्याचे मत फिरले. पुढे भरती थेट चीनच्या दक्षिणेकडील ग्वांगडोंग प्रांतातून होऊ लागली. कामाचा जोर असताना १० हजारांहून अधिक चिनी मजूर एकाच वेळी राबत होते आणि एकूण मजुरांत त्यांचे प्रमाण ८० ते ९० टक्के होते.

ऑक्टोबर १८६५ मध्ये स्टॅनफर्ड यांनी अध्यक्ष अँड्र्यू जॉन्सन यांना पाठवलेल्या अहवालात हेच लोक शांत, सोशिक, कष्टाळू आणि काटकसरी असल्याचे लिहिले आणि त्यांच्याशिवाय कायद्याने घातलेल्या मुदतीत काम पुरे होणे अशक्य असल्याची कबुली दिली. ‘गाळ’ म्हणणाऱ्या भाषणाला तेव्हा चार वर्षेही झाली नव्हती. मत बदलले की गरज बदलली, हे वाचकाने ठरवावे. माझ्या मते गरज बदलली, कारण ज्यांची त्यांनी तोंडभर स्तुती केली त्यांच्या मजुरीचा प्रश्न आला तेव्हा कंपनीने हात आखडता घेतला.

चिनी मजुराला सुरुवातीला महिन्याला ३० डॉलरच्या आसपास मिळत आणि त्यातून जेवणखर्च त्यानेच करायचा. गोऱ्या मजुराला तेवढ्या पगारावर जेवण आणि राहणे कंपनीकडून मिळे. सगळ्यांत अवघड काम शिखरावरच्या सहाव्या बोगद्याचे होते. १,६५९ फूट लांबीचा हा बोगदा अखंड ग्रॅनाइटमधून काढायचा होता. दोन्ही टोकांकडून, आणि मधोमध वरून विहीर खणून तिच्या तळातून दोन दिशांना, असे चार तोंडांनी काम चाले. तिघांच्या टोळीत एक जण पोलादी पहार धरून फिरवी आणि दोघे आळीपाळीने घण घालत; भोक पुरेसे खोल गेले की बार भरायचा. दिवसरात्र पाळ्या चालवूनही एका तोंडाला चोवीस तासांत फूटभर प्रगती झाली तरी पुष्कळ. शेवटी जागेवर नायट्रोग्लिसरीन हे जबर स्फोटक बनवून वापरले तेव्हा वेग वाढला. १८६६-६७ च्या हिवाळ्यात तिथे ४४ हिमवादळे झाली. मजूर बर्फाखाली भुयारे खोदून त्यांतच राहत, त्यांतूनच बोगद्यात कामाला जात. हिमकडे कोसळून माणसे गाडली गेली आणि काहींची प्रेते बर्फ वितळल्यावर हाती लागली. किती मेले याची नोंद कंपनीने ठेवली नाही.

जून १८६७ मध्ये सुमारे ३ हजार चिनी मजुरांनी काम थांबवले. महिना ४० डॉलर पगार आणि बोगद्यातील कामाचे तास कमी, या त्यांच्या मागण्या होत्या. कुठेही दंगा झाला नाही. एखाद्या रविवारच्या सुट्टीसारखी शांतता होती असे क्रॉकर यांनीच पुढे सांगितले. त्यांनी डोंगरावर जाणारा शिधा बंद केला. आठवडाभरात संप मोडला.

कंपनीच्या पगारपत्रकांवर बहुधा टोळीच्या म्होरक्याचे नाव आणि माणसांची संख्या एवढेच असे. हजारो माणसांनी इतकी वर्षे काम केले, तरी त्यांच्यापैकी कोणी लिहिलेले पत्र वा रोजनिशी इतिहासकारांच्या हाती आलेली नाही. या मजुरांचा पद्धतशीर शोध घेणारा संशोधन प्रकल्प २०१२ साली सुरू झाला, तो स्टॅनफर्ड विद्यापीठातच.

सोन्याचा खिळा ठोकताना स्टॅनफर्ड यांचा नेम चुकला होता का?

तसे सांगितले जाते आणि ते खोटे मानण्याचे कारण नाही. १० मे १८६९ रोजी यूटामधील प्रोमॉन्टरी समिट येथे सेंट्रल पॅसिफिकचे ६९० मैल आणि युनियन पॅसिफिकचे १,०८६ मैल एकमेकांना भिडले. समारंभ खरे तर ८ मे रोजी व्हायचा होता. स्टॅनफर्ड यांची गाडी आदल्या दिवशीच येऊन थांबली होती. पण युनियन पॅसिफिकचे उपाध्यक्ष ड्युरँट यांचा डबा पगार थकलेल्या कामगारांनी वाटेत अडवून ठेवला होता.

सोन्याचा खिळा प्रत्यक्षात ठोकलाच नाही. लॉरेलच्या लाकडाच्या खास स्लीपरला आधीच भोक पाडून ठेवले होते, त्यात तो अलगद बसवला आणि लगेच काढून घेतला. नंतर साधा स्लीपर ठेवून लोखंडी खिळा लावला. तो तारयंत्राला जोडलेला होता, म्हणजे घावाचा आवाज देशभर पोहोचावा. स्टॅनफर्ड यांनी हातोडा उचलला आणि घाव खिळ्यावर बसलाच नाही. ड्युरँट यांचीही तीच गत झाली. तारमास्तराने वाट न पाहता ‘झाले’ असा संदेश पाठवून दिला. भोवतीच्या मजुरांना हसू आवरले नाही, आणि ते साहजिक आहे. तो सोन्याचा खिळा आज विद्यापीठाच्या कला संग्रहालयात आहे.

रेल्वे झाल्यावर कंपनी इतकी बदनाम का झाली?

एकाधिकारामुळे. सेंट्रल पॅसिफिक आणि तिच्या जोडीची सदर्न पॅसिफिक यांनी कॅलिफोर्नियातील जवळजवळ सगळे रूळ आपल्या हाती घेतले. शेतकऱ्याचा गहू बाजारात न्यायला दुसरी वाट नव्हती, तेव्हा भाडे कंपनी सांगेल ते. बांधकामाची कंत्राटे चौघांनी स्वतःच काढलेल्या दुसऱ्या कंपनीला दिली होती आणि चौकशीची वेळ आली तेव्हा त्या कंपनीच्या हिशेबाच्या वह्या नष्ट झालेल्या होत्या. सॅन वाकीन खोऱ्यात मसेल स्लू येथे कंपनीच्या जमिनी कसणाऱ्यांना आधी एकराला अडीच डॉलरपासून भाव सांगितला गेला होता. कालवे काढून जमीन पिकती केल्यावर कंपनीने १७ ते ४० डॉलर मागितले. ११ मे १८८० रोजी ताबा घेण्यावरून गोळीबार झाला आणि सात माणसे मेली.

१८८२ साली सॅन फ्रान्सिस्कोच्या ‘द वॉस्प’ या साप्ताहिकात एक व्यंगचित्र आले. त्यात रेल्वे म्हणजे एक अजस्र ऑक्टोपस, शेती, खाणी, गलबते, टपालगाड्या सगळ्यांना त्याच्या भुजांचा विळखा, आणि त्याच्या दोन डोळ्यांच्या जागी क्रॉकर आणि स्टॅनफर्ड यांचे चेहरे.

घोड्याचे चारही पाय अधांतरी असतात की नाही, यावर त्यांनी २५ हजार डॉलरची पैज लावली होती का?

पैजेचा पुरावा नाही. कुतूहल मात्र खरे होते. स्टॅनफर्ड यांना शर्यतीच्या घोड्यांचे वेड होते आणि सॅन फ्रान्सिस्कोच्या दक्षिणेला पालो आल्टो येथे १८७६ पासून जमीन घेत घेत त्यांनी ८ हजार एकरांहून मोठे घोडपैदास केंद्र उभे केले. दौडणाऱ्या घोड्याचे चारही पाय क्षणभर जमिनीवरून सुटतात असे त्यांना वाटे, आणि ते डोळ्यांना दिसत नसल्याने छायाचित्राने पकडावे म्हणून त्यांनी एडवर्ड मायब्रिज या छायाचित्रकाराला कामाला लावले. १८७२ साली पहिले प्रयत्न झाले. मधल्या काळात मायब्रिजने पत्नीच्या प्रियकराला गोळी घालून मारले आणि ज्यूरीने त्याला निर्दोष सोडले. जून १८७८ मध्ये पालो आल्टोच्या धावपट्टीलगत १२ कॅमेरे ओळीने मांडले. घोडा पुढे जाई तशा तारा ओढल्या जात आणि एकेक झडप उघडमिट होई. पाय सुटतात हे सिद्ध झाले. मात्र चित्रकार दाखवत तसे पुढे-मागे ताणलेले असताना नव्हे, तर पोटाखाली गोळा झालेले असताना. चलच्चित्राच्या इतिहासात या प्रयोगाला मानाचे पान आहे.

१८८२ साली या छायाचित्रांवर स्टॅनफर्ड यांच्या आश्रयाने पुस्तक निघाले, तेव्हा मायब्रिजला त्यात योग्य श्रेय मिळाले नाही. त्याने दावा लावला आणि तो हरला.

विद्यापीठ काढण्याचे कारण काय?

एकुलत्या मुलाचा मृत्यू. लग्नानंतर १८ वर्षांनी, १४ मे १८६८ रोजी, जेन यांना मुलगा झाला. लेलँड ज्युनियर हा जुन्या वस्तू जमवणारा, भाषा शिकणारा हुशार मुलगा होता. आईवडिलांबरोबर युरोपच्या प्रवासात असताना त्याला विषमज्वर झाला आणि १३ मार्च १८८४ रोजी फ्लॉरेन्समध्ये तो गेला. सोळावे वर्ष पुरे व्हायला दोन महिने होते. कॅलिफोर्नियाची मुले आता आपली मुले, असे वडील म्हणाले, हे वाक्य विद्यापीठाच्या परंपरेत कायम सांगितले जाते. संस्थेचे अधिकृत नाव आजही लेलँड स्टॅनफर्ड ज्युनियर विद्यापीठ असेच आहे, म्हणजे ते वडिलांचे नव्हे, मुलाचे स्मारक आहे.

फाटक्या कपड्यांतल्या दांपत्याला हार्वर्डच्या प्रमुखांनी हाकलले, ही व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारी गोष्ट खरी का?

खोटी. ते दांपत्य १८८४ साली हार्वर्डचे अध्यक्ष चार्ल्स एलियट यांना भेटले, हे खरे. पण ते माजी गव्हर्नर आणि देशातील अतिश्रीमंतांपैकी एक म्हणून, सल्ला मागायला. एलियट यांनी त्यांना नीट वेळ दिला आणि जमीन व इमारती सोडून किमान ५० लाख डॉलरचा निधी हवा असे सांगितले. ‘जमेल ना आपल्याला?’ अशा अर्थाचे काहीतरी स्टॅनफर्ड पत्नीला म्हणाले, अशी आठवण एलियट यांनीच पुढे सांगितली आहे.

सुरुवातीचे विद्यापीठ कसे होते?

११ नोव्हेंबर १८८५ रोजी दानपत्र झाले. पालो आल्टोसह मोठाल्या शेतजमिनी त्यात दिल्या होत्या. आराखडा न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कचे शिल्पकार फ्रेडरिक लॉ ओमस्टेड यांचा. १४ मे १८८७ या मुलाच्या जन्मदिनी पायाभरणी झाली आणि १ ऑक्टोबर १८९१ रोजी वर्ग भरले. पहिले अध्यक्ष डेव्हिड स्टार जॉर्डन. शिकवणी शुल्क नव्हते आणि मुलींना मुलांच्या बरोबरीने प्रवेश होता. पहिल्या तुकडीत हर्बर्ट हूव्हर हा पुढे देशाचा अध्यक्ष झालेला विद्यार्थी होता. मुलींची संख्या वाढत गेली तेव्हा जेन यांनीच १८९९ साली त्यांच्यावर ५०० ची मर्यादा घातली. मुलाचे स्मारक मुलींचे महाविद्यालय होईल, ही त्यांची धास्ती होती.

सेनेटर म्हणून त्यांनी काही भरीव केले का?

१८८५ ते मृत्यूपर्यंत ते सेनेटवर होते. त्या काळी सेनेटर विधिमंडळ निवडत असे. त्यांच्या नावावर मोठा कायदा नाही. पण दोन प्रस्ताव मात्र थक्क करणारे आहेत. १८८६ साली त्यांनी कामगारांच्या सहकारी संस्थांना कायदेशीर मान्यता देणारे विधेयक मांडले, आणि १८९० साली शेतकऱ्यांना जमिनीच्या निम्म्या किमतीइतके कर्ज सरकारने अवघ्या २ टक्के व्याजाने द्यावे असा प्रस्ताव आणला. मालकाऐवजी कामगारांनीच एकत्र येऊन स्वतःला कामावर ठेवावे, असे देशातल्या सर्वांत बलाढ्य मक्तेदारीचा अध्यक्ष गंभीरपणे सांगत होता. दोन्ही विधेयके बारगळली. संपाच्या वेळी शिधा तोडणारी कंपनी आणि हे विधेयक यांचा मेळ कसा घालायचा, हा प्रश्न त्यांच्या चरित्रकारांना अडचणीत टाकत आला आहे. उतारवयात त्यांना सहकाराचा विचार मनापासून पटला असावा. विद्यापीठाच्या दानपत्रातही सहकाराचे शिक्षण द्यावे असे त्यांनी लिहून ठेवले.

या सेनेटपदानेच हंटिंग्टनशी मैत्री तुटली. ती जागा हंटिंग्टन यांचे मित्र ॲरन सार्जंट यांना मिळायची होती. हंटिंग्टन यांनी पाच वर्षे राग गिळला आणि १८९० साली स्टॅनफर्ड यांना सदर्न पॅसिफिकच्या अध्यक्षपदावरून खाली खेचले, तेही कंपनीचा वापर राजकारणासाठी केल्याचे जाहीर टोमणे मारत.

त्यांचा द्राक्षमळा जगातला सर्वांत मोठा होता का?

त्या काळी तसा गणला जाई. उत्तर कॅलिफोर्नियातील व्हिना येथील त्यांच्या जमिनीत साडेतीन हजार एकरांहून अधिक द्राक्षवेली होत्या. वाइन चांगली उतरली नाही, ब्रँडी बरी निघे. त्या मळ्याच्या काही भागावर १९५५ पासून ख्रिस्ती साधूंचा मठ आहे.

त्यांच्या मृत्यूनंतर विद्यापीठ बंद पडण्याची वेळ आली होती, ते कसे?

१८९३ च्या जूनमध्ये ते झोपेतच गेले. देशात आर्थिक अरिष्ट आले होते, मालमत्ता न्यायालयाच्या ताब्यात अडकली होती, आणि १८९४ साली केंद्र सरकारने रेल्वेच्या जुन्या कर्जापोटी त्यांच्या वारसाहक्कावर दीड कोटी डॉलरचा दावा ठोकला. प्राध्यापकांचे पगार कुठून द्यायचे? न्यायाधीशांनी जेन यांना घरखर्चासाठी महिना १० हजार डॉलर मंजूर केले आणि प्राध्यापकांना त्यांच्या घरची नोकरमाणसे धरून पगार त्यातून भागवला गेला. १८९७ साली जेन दागिने विकायला लंडनला गेल्या. मनासारखा भाव आला नाही. त्याआधी मार्च १८९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारचा दावा फेटाळला होता, त्यामुळे विद्यापीठ वाचले होते. एकीकडे सरकारी पैशाने उभी राहिलेली संपत्ती आणि दुसरीकडे ती सरकारला परत द्यावी लागू नये म्हणून तीन न्यायालयांत झालेली लढाई, या दोन्हींवर ते विद्यापीठ उभे आहे.

जेन स्टॅनफर्ड यांचा खून झाला होता का?

विषप्रयोग झाला होता, हे बहुतेक अभ्यासक आता मानतात. जानेवारी १९०५ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या घरी त्यांच्या पिण्याच्या पाण्यात स्ट्रिक्निन सापडले. त्या वेळी त्या वाचल्या. बदल म्हणून त्या होनोलुलूला गेल्या आणि तिथे २८ फेब्रुवारीच्या रात्री, पचनासाठी सोडा घेतल्यानंतर, तडफडून गेल्या. तिथल्या चौकशी मंडळाने अज्ञात व्यक्तीने विष दिल्याचा निर्णय दिला. जॉर्डन मात्र मृत्यू हृदयविकाराने झाला असे सांगत राहिले. कोणावरही खटला चालला नाही.

लेलँड स्टॅनफर्ड यांच्याशी संबंधित काय काय आज पाहता येते?

सॅक्रामेंटोतील आठव्या रस्त्यावरचे, पुराच्या वेळचे त्यांचे घर राज्याच्या संरक्षित वास्तूंपैकी एक आहे. त्याच शहराच्या जुन्या भागात रेल्वेचे मोठे संग्रहालय आहे. सॅन फ्रान्सिस्कोच्या नॉब हिलवरचा १८७६ चा प्रासाद १९०६ च्या भूकंपानंतरच्या आगीत जळाला. तिथे आता हॉटेल आहे. विद्यापीठाच्या आवारात आईवडील आणि मुलगा यांची समाधी आहे. शिखरावरचा सहावा बोगदा १९९३ पासून वापरात नाही आणि रूळही काढलेले आहेत, त्यामुळे त्यातून चालत जाता येते. आत विजेरी घेऊन गेल्यास ग्रॅनाइटच्या भिंतींवर पहारींनी पाडलेल्या भोकांच्या अर्धगोल खाचा हाताला लागतात.